जॉर्ज नेपिया : तीसपैकी तीस सामने खेळलेला, तरीही घरी ठेवलेला खेळाडू

२७ ऑगस्ट हा जॉर्ज नेपिया यांचा स्मृतिदिन. आपल्याकडे हे नाव फारसे कोणाला ठाऊक नाही, कारण रग्बी हा खेळच आपल्याकडे मोजक्या मैदानांपलीकडे पोहोचला नाही. पण न्यूझीलंडमध्ये शाळकरी मुलालाही हे नाव माहीत असते. तिथल्या टपाल खात्याने १९९० मध्ये त्यांचे तिकीट काढले. १९९७ मध्ये आंतरराष्ट्रीय रग्बी हॉल ऑफ फेमसाठी जगभरातून पहिले पंधरा खेळाडू निवडले गेले, त्यांत त्यांचे नाव होते.

नेपिया माओरी होते. माओरी म्हणजे न्यूझीलंडचे मूळ रहिवासी. एकोणिसाव्या वर्षी ते आपल्या देशाकडून ब्रिटन, आयर्लंड आणि फ्रान्समध्ये तीस सामने खेळले आणि तीसही जिंकून परतले. त्यानंतर तीन वर्षांनी त्यांच्याच देशाचा संघ दक्षिण आफ्रिकेला निघाला, तेव्हा त्यांना घरी ठेवण्यात आले. दुखापत नव्हती, खेळ उतरला नव्हता. कातडीचा रंग हे एकच कारण होते. आणि त्यांना वगळणारे दक्षिण आफ्रिकेचे लोक नव्हते. ज्यांच्यासाठी ते खेळले, त्यांनीच त्यांना वगळले.

जॉर्ज नेपिया यांचा जन्म २५ एप्रिल १९०५ रोजी न्यूझीलंडच्या उत्तर बेटावर, पूर्व किनाऱ्यालगतच्या वायरोआ भागात झाला. जवळच्या नुहाका गावात त्यांचे बालपण गेले. त्यांची जमात न्गाती काहुंगुनु. त्या वेळच्या माओरी समाजाची स्थिती थोडी समजून घेतली पाहिजे. १८४० मध्ये ब्रिटिश राजसत्ता आणि माओरी सरदार यांच्यात वाइटांगीचा करार झाला. करारात माओरींच्या जमिनीचे संरक्षण लिहिलेले होते. पुढच्या साठ वर्षांत युद्ध, जप्ती, खरेदी आणि कायद्याच्या कसरती यांतून बहुतेक जमीन गोऱ्या वसाहतवाल्यांकडे गेली. तरीही न्यूझीलंडच्या गोऱ्या समाजाला आपण इतर वसाहतींसारखे नाही, असा अभिमान होता. १८६७ पासून तिथल्या संसदेत माओरींसाठी चार राखीव मतदारसंघ होते. माओरी आणि गोरे एकाच संघातून रग्बी खेळत. हा अभिमान अगदीच पोकळ होता असे म्हणता येणार नाही. तो किती पक्का होता, हे नेपिया यांच्या बाबतीत दिसून आले.

नेपिया यांचे पुढचे शिक्षण हेस्टिंग्ज येथील माओरी ॲग्रिकल्चरल कॉलेजमध्ये झाले. मॉर्मन पंथाच्या चर्चने चालवलेली ही शाळा. तिथले अनेक शिक्षक अमेरिकेतून आलेले. त्यांना अमेरिकन फुटबॉल येत होता, आणि त्याचा नेपिया यांना मोठा फायदा झाला. चेंडू स्वतःभोवती गिरक्या घेत हवा कापत जावा अशी लांब किक, आणि पळत्या माणसाच्या कमरेखाली झेप घेऊन त्याला उलथवणे, या दोन गोष्टी ते तिथे शिकले. ही शाळा आज नाही. १९३१ च्या हॉक्स बे भूकंपात तिच्या इमारती पडल्या आणि ती पुन्हा उभी राहिली नाही.

१९२१ मध्ये दक्षिण आफ्रिकेचा संघ पहिल्यांदा न्यूझीलंडला आला. सप्टेंबरमध्ये नेपियर येथे त्यांचा सामना माओरी संघाशी झाला. पाहुणे ९-८ असे कसेबसे जिंकले. सामन्यानंतर त्यांच्याबरोबर आलेल्या एका पत्रकाराने मायदेशी तार पाठवली. एका काळ्या संघाशी खेळावे लागले, आणि त्याहून वाईट म्हणजे हजारो गोरे प्रेक्षक आपल्याच वंशाच्या लोकांविरुद्ध काळ्यांना टाळ्या वाजवत होते, याची किळस आली, असा तिचा आशय होता. तार फुटली आणि स्थानिक वर्तमानपत्रात छापून आली. न्यूझीलंडभर संताप उसळला. त्या वेळी नेपिया सोळा वर्षांचे होते. हेस्टिंग्जपासून नेपियर वीस किलोमीटरच्या आत आहे.

ही पहिली ठिणगीही नव्हती. १९१९ मध्ये न्यूझीलंडच्या सैनिकांचा रग्बी संघ इंग्लंडमधील स्पर्धा जिंकून परतताना दक्षिण आफ्रिकेत खेळणार होता. संघात नॅथॅनिएल विल्सन नावाचे खेळाडू होते. त्यांचे वडील वेस्ट इंडियन, आई इंग्रज. त्यांना सगळे ‘रणजी’ म्हणत. नाव आपल्या ओळखीचे वाटते ना? इंग्लंडकडून क्रिकेट खेळलेल्या रणजितसिंहजींवरूनच ते टोपणनाव पडले होते. महायुद्धात न्यूझीलंडचा गणवेश घातलेल्या या रणजीला दक्षिण आफ्रिकेच्या दौऱ्यातून वगळण्यात आले. गोऱ्या यजमानांना ते चालणार नव्हते, एवढेच कारण. त्या वेळी न्यूझीलंडमध्ये फारशी ओरड झाली नाही. एकदा मोडलेला नियम दुसऱ्यांदा मोडणे सोपे जाते.

आता थोडे खेळाविषयी. रग्बी युनियनमध्ये पंधरा-पंधरा खेळाडूंचे दोन संघ असतात. चेंडू लांबट, अंड्याच्या आकाराचा. तो हातात घेऊन पळता येते, पायाने मारता येतो. पण हाताने पुढे फेकता येत नाही. पास द्यायचा तो बाजूला किंवा मागे. ज्याच्या हातात चेंडू आहे त्याला झेप घेऊन खाली पाडायचे. कबड्डी पाहिलेल्या माणसाला पकड म्हणजे काय, हे वेगळे सांगायला नको. प्रतिस्पर्ध्याच्या रेषेपलीकडे चेंडू जमिनीला टेकवला की ‘ट्राय’ होतो. त्या काळी त्याचे तीन गुण मिळत.

सगळ्यांच्या मागे एकटा उभा असतो तो फुलबॅक. चौदा जण चुकले तर हा शेवटचा माणूस. त्या काळी सात-आठ धिप्पाड खेळाडू चेंडू पायाने पुढे ढकलत झुंडीने धावून येत. फुलबॅकने त्यांच्या पायांपुढे चेंडूवर आडवे पडायचे आणि पाठीवर लाथा खायच्या, ही रीत होती. नेपिया आडवे पडत नसत. ते त्या झुंडीतच खाली वाकून शिरत, चेंडू उचलत, आणि समोरच्याला खांद्याने मागे रेटत बाहेर पडत. पुढच्या क्षणी त्यांची किक मैदानाच्या दुसऱ्या टोकाला गेलेली असे. ही गोष्ट एकदा जमणे हेच विशेष. ते ती दर सामन्यात करत.

गंमत म्हणजे फुलबॅक ही त्यांची मूळ जागा नव्हती. हॉक्स बे प्रांताच्या संघात ते पुढे, मधल्या आणि कडेच्या जागांवर खेळत. नॉर्मन मॅकेन्झी यांच्या मार्गदर्शनाखाली हा संघ तेव्हा भरात होता. प्रांतांमधली मानाची रॅनफर्ली ढाल १९२२ पासून १९२७ पर्यंत त्यांच्याकडेच राहिली. १९२४ मध्ये ब्रिटनच्या दौऱ्यासाठी निवड सामने झाले, तेव्हा नेपिया यांना फुलबॅक म्हणून उभे करून पाहण्यात आले. ते निवडले गेले. त्यांच्याबरोबर जिमी मिल आणि लुई पेवाई हे माओरी खेळाडूही संघात आले.

या संघावर निघण्यापूर्वी कोणाचा विश्वास नव्हता. ब्रिटनला जाण्याआधीच्या सामन्यांत न्यू साउथ वेल्सने आणि ऑकलंडने त्यांना हरवले होते. न्यूझीलंडने आजवर पाठवलेला सर्वांत कमकुवत संघ अशी टीका झाली. कर्णधार क्लिफ पोर्टर यांचा संघ ‘रेमुएरा’ या बोटीने पनामा कालव्यातून इंग्लंडला पोहोचला. १३ सप्टेंबर १९२४ रोजी डेव्हनविरुद्ध पहिला सामना झाला, तो ११-० असा जिंकला. तिथून पुढे हरणे नावाची गोष्ट या संघाने पाहिलीच नाही.

नेपिया एकही सामना बाहेर बसले नाहीत. पावसाळी चिखलात, आठवड्याला दोन सामने, आणि सगळ्यात धोक्याची जागा. इतर खेळाडूंना आळीपाळीने विश्रांती मिळत होती. ब्रिटन, आयर्लंड आणि फ्रान्समधील तीसच्या तीस सामन्यांत शेवटच्या जागेवर हाच एकोणीस वर्षांचा मुलगा उभा होता. आजचा कोणताही प्रशिक्षक असे करणार नाही, आणि करूही नये. पण संघाला त्यांच्याशिवाय मैदानात उतरायची हिंमत होत नव्हती, हेही त्यातून दिसते. सामन्यापूर्वी होणाऱ्या हाका या माओरी युद्धनृत्यातही ते पुढे असत. त्या वर्षीचा हाका खास या दौऱ्यासाठी, बोटीवर रचला गेला होता.

दौऱ्यातले दोन सामने विशेष सांगण्यासारखे. पहिला २९ नोव्हेंबरचा, स्वॉन्सी येथे वेल्सविरुद्ध. १९०५ साली न्यूझीलंडचा संघ ब्रिटनमध्ये एकच सामना हरला होता, वेल्सकडून, ३-० असा. त्या सामन्यात न्यूझीलंडचा एक ट्राय पंचांनी नाकारला होता, आणि ती सल एकोणीस वर्षे देशभर जपलेली होती. म्हणजे नेपिया यांचे जेवढे वय, तेवढेच त्या जखमेचे वय. स्वॉन्सीत न्यूझीलंडने १९-० असा विजय मिळवला. वेल्सचे खेळाडू पुन्हा पुन्हा शेवटच्या माणसापर्यंत पोहोचले आणि तिथेच थांबले.

दुसरा ३ जानेवारी १९२५ चा, लंडनजवळच्या ट्विकनहॅम मैदानावर इंग्लंडविरुद्ध. सुमारे साठ हजार प्रेक्षक, त्यांत इंग्लंडचे युवराज. सुरुवातीच्या काही मिनिटांतच धक्काबुक्की झाली आणि पंच अल्बर्ट फ्रीथी यांनी न्यूझीलंडच्या सिरिल ब्राउनली यांना मैदानाबाहेर काढले. आंतरराष्ट्रीय रग्बीत असे पूर्वी कधी घडले नव्हते. उरलेला जवळजवळ सगळा सामना न्यूझीलंड चौदा जणांनी खेळले आणि १७-११ ने जिंकले. सिरिल यांचे भाऊ मॉरिस ब्राउनली यांनी त्या दिवशी जिद्दीने ट्राय केला. हे मॉरिस ब्राउनली लक्षात ठेवा, ते पुन्हा येणार आहेत.

आयर्लंडला डब्लिनमध्ये ६-० आणि फ्रान्सला तुलूझमध्ये ३०-६ असे हरवून झाले. स्कॉटलंडच्या रग्बी युनियनने दौऱ्याच्या आयोजनावरून रुसून सामनाच दिला नाही. परतीच्या वाटेवर कॅनडात दोन सामने झाले. एकूण ३२ सामने, ३२ विजय, ८३८ गुण मिळवले आणि ११६ दिले. या संघाला ‘इन्व्हिन्सिबल्स’, म्हणजे अजिंक्य, हे नाव मिळाले ते कायमचे. आणि त्यातला सर्वांत लाडका खेळाडू ठरला नेपिया. इंग्लंडच्या वर्तमानपत्रांनी रकाने भरभरून लिहिले. ज्या साम्राज्याच्या राजधानीत वसाहतींतली माणसे दुय्यम गणली जात, तिथे साठ हजार लोकांनी एका माओरी मुलाला डोक्यावर घेतले.

१९२६-२७ मध्ये माओरी संघ स्वतंत्रपणे युरोपच्या दौऱ्यावर गेला. वाटेत सिलोनमध्येही तो खेळला. नेपिया या संघातही होते. म्हणजे १९२८ उजाडले तेव्हा ते तेवीस वर्षांचे, अनुभवी, आणि जगातले सर्वोत्तम फुलबॅक म्हणून मान्य झालेले खेळाडू होते.

त्या वर्षी न्यूझीलंडचा संघ पहिल्यांदाच दक्षिण आफ्रिकेच्या दौऱ्यावर निघाला. दोन्ही देश स्वतःला रग्बीतले जगज्जेते समजत. १९२१ ची मालिका बरोबरीत सुटली होती, त्यामुळे खरा निकाल आता लागायचा होता. न्यूझीलंडने आपला सर्वांत बलवान संघ पाठवणे अपेक्षित होते. पण दक्षिण आफ्रिकेच्या गोऱ्या यजमानांना मैदानावर माओरी नको होते, आणि न्यूझीलंड रग्बी युनियनने ते मुकाट्याने मान्य केले. नेपिया यांचा विचार झाला नाही. जिमी मिल यांचाही नाही. संघाचे कर्णधार होते मॉरिस ब्राउनली, ट्विकनहॅमवर नेपिया यांच्या पुढे उभे राहून लढलेले, त्यांच्याच हॉक्स बे प्रांताचे सहकारी.

या निर्णयाची भाषा पाहण्यासारखी आहे. माओरी वाईट खेळतात असे कोणी म्हटले नाही. त्यांचा अपमान होऊ नये म्हणूनच त्यांना नेत नाही, असा सूर होता. पाहुण्याने यजमानाच्या घरचे रिवाज पाळावेत, असेही सांगितले जाई. म्हणजे अपमान करणाऱ्याला काही सांगायचे नाही. ज्याचा अपमान होणार आहे त्यालाच घरी बसवायचे, आणि वर त्याला ही काळजी म्हणून पटवायचे. हा युक्तिवाद आपल्या वाचकांना समजावून सांगण्याची गरज नाही.

डर्बनमधील पहिल्या कसोटीत न्यूझीलंड १७-० असे हरले. तोपर्यंतचा तो त्यांचा सर्वांत मोठा पराभव. दक्षिण आफ्रिकेच्या बेनी ऑस्लर यांनी एकट्याने चौदा गुण किकवर मिळवले, आणि सामनाभर लांब किक मारून पाहुण्यांना मागे पळवले. उंच आणि लांब किक झेलून तितक्याच लांब परत मारणारा माणूस न्यूझीलंडकडे होता, पण तो हजारो मैलांवर आपल्या गावी होता. मालिका शेवटी २-२ अशी सुटली. नेपिया असते तर न्यूझीलंड जिंकलेच असते, असे म्हणणे सोपे आहे. मी म्हणणार नाही. एका माणसाने मालिका फिरते असे नाही. पण संघटनेने स्वतःच्या विजयापेक्षा यजमानांचा वर्णद्वेष मोठा मानला, एवढे मात्र नोंदवून ठेवले पाहिजे. नंतरच्या काळात खेळात राजकारण आणू नका असे सांगणाऱ्यांनी हा दौरा आठवायला हवा होता.

नेपिया पुन्हा देशाकडून खेळले. १९२९ मध्ये ऑस्ट्रेलियाविरुद्ध एक कसोटी, आणि १९३० मध्ये ब्रिटनचा एकत्रित संघ न्यूझीलंडला आला तेव्हा चारही कसोट्या. ब्रिटिश संघाचा गणवेश गडद निळा असल्यामुळे त्या मालिकेत ऑल ब्लॅक्स पांढऱ्या कपड्यांत उतरले होते. पहिली कसोटी हरून पुढच्या तीन जिंकल्या. न्यूझीलंडकडून एकूण ४६ सामने, त्यांत ९ कसोट्या, अशी त्यांची कारकीर्द नोंदली गेली आहे. ज्याची आठवण शंभर वर्षांनी निघते, त्याच्या वाट्याला नऊच कसोट्या आल्या.

दरम्यान घरची परिस्थिती बिकट होत गेली. नेपिया यांच्या पत्नी हुइंगा कोहेरे या पूर्व किनाऱ्याच्या टोकाकडच्या रांगितुकिया गावच्या. लग्नानंतर नेपिया तिथेच राहिले. सासुरवाडीला राहून दुधाचा धंदा आणि शेती. मग १९३० ची जागतिक मंदी आली आणि लोण्याचे भाव कोसळले. मुले लहान होती. जगप्रसिद्ध खेळाडूला खेळातून एक पैसाही मिळत नव्हता, कारण रग्बी युनियन हा हौशी खेळ होता आणि पैसे घेणे हा गुन्हा मानला जाई.

हे हौशीपण कुठून आले तेही पाहावे. १८९५ मध्ये उत्तर इंग्लंडमधील क्लबांनी मागणी केली होती की, गिरण्या आणि खाणींत काम करणाऱ्या खेळाडूंचा सामन्याच्या दिवशी रोज बुडतो, त्याची भरपाई द्यावी. दक्षिणेतल्या सुखवस्तू मंडळींनी नकार दिला, आणि खेळाचे दोन तुकडे झाले. पैसे देणारा तो रग्बी लीग, न देणारा तो रग्बी युनियन. ज्याच्या घरी खायला आहे त्याला हौशी राहणे परवडते. युनियनचा नियम असा की, लीगमध्ये एकदा पैसे घेतले की युनियनचे दार आयुष्यभरासाठी बंद.

१९३५ मध्ये ऑल ब्लॅक्स पुन्हा ब्रिटनला निघाले. तीस वर्षांचे नेपिया निवड सामन्यांत खेळले, पण निवडले गेले नाहीत. त्याच सुमारास दक्षिण लंडनमधील स्ट्रेदम अँड मिचम या नव्या लीग क्लबने त्यांना ५०० पौंड देऊ केले. त्यांनी ते स्वीकारले आणि एकटेच इंग्लंडला गेले. ज्या लंडनने त्यांना डोक्यावर घेतले होते, तिथे आता ते पोटासाठी खेळत होते. तो क्लब फार काळ टिकला नाही. पुढे ते उत्तरेकडील हॅलिफॅक्स क्लबकडून खेळले. त्यांचा आवाज गोड होता. १९३६ मध्ये लंडनमध्ये डेक्का कंपनीने त्यांच्या आवाजात ‘बिनीथ द माओरी मून’ या गाण्याची तबकडी काढली, आणि ती न्यूझीलंडमध्ये लोकप्रिय झाली. घरापासून बारा हजार मैलांवर त्यांनी माओरी चांदण्याचे गाणे म्हटले.

१९३७ मध्ये ते परतले, ऑकलंडच्या मानुकाऊ क्लबकडून लीग खेळले. त्याच वर्षी ऑस्ट्रेलियाला हरवणाऱ्या माओरी लीग संघात ते होते, आणि न्यूझीलंडच्या लीग संघाकडूनही खेळले. युनियन आणि लीग अशा दोन्ही प्रकारांत देशाचे प्रतिनिधित्व झाले. मात्र ज्या युनियनने त्यांना जगासमोर नेले होते, तिच्या दृष्टीने ते बहिष्कृत होते. गावच्या मैदानावर शेजाऱ्यांबरोबर एखादा साधा सामना खेळण्याचीही मुभा नव्हती.

दुसऱ्या महायुद्धाच्या काळात लीगच्या खेळाडूंना माफी देण्यात आली आणि बंदी उठली. बहुतेक जण अशा वयात फक्त समारंभाला येतात. नेपिया ४२ व्या वर्षी, १९४७ मध्ये, ईस्ट कोस्ट प्रांताकडून पुन्हा मैदानात उतरले. १९५० मध्ये तर एक विलक्षण सामना झाला. ऑलिम्पियन्स या संघाचे कर्णधार होते जॉर्ज नेपिया, वय ४५. समोर पॉव्हर्टी बे प्रांताचा संघ, आणि त्याचे कर्णधार होते जॉर्ज नेपिया, म्हणजे त्यांचाच मुलगा. प्रथम दर्जाच्या रग्बीत बाप आणि लेक असे एकमेकांसमोर कर्णधार म्हणून उभे राहिल्याचे दुसरे उदाहरण नाही. खेळणे थांबल्यावर ते पंच म्हणून उभे राहू लागले. १९६३ मध्ये टेरी मॅकलीन यांच्या साहाय्याने त्यांनी आत्मचरित्र लिहिले.

या सगळ्या वर्षांत १९२८ संपले नव्हते. महायुद्धात माओरी बटालियन उत्तर आफ्रिकेत आणि इटलीत लढली. एल अलामेनला दक्षिण आफ्रिकेचे सैन्यही त्याच बाजूने लढत होते. युद्धानंतर चारच वर्षांनी, १९४९ मध्ये, ऑल ब्लॅक्स दक्षिण आफ्रिकेला गेले ते पुन्हा माओरी खेळाडूंशिवाय. व्हिन्स बेव्हन आणि जॉनी स्मिथ यांच्यासारखे खेळाडू घरी राहिले. चारही कसोट्या न्यूझीलंड हरले. १९६० मध्ये पुन्हा तेच ठरले, पण या वेळी लोक रस्त्यावर आले. माओरी नाहीत तर दौराही नाही, ही त्यांची घोषणा. दीड लाखांहून अधिक सह्यांचा अर्ज गेला. तरीही दौरा झाला.

१९६७ चा दौरा मात्र न्यूझीलंडला रद्द करावा लागला. १९७० मध्ये माओरी आणि सामोअन खेळाडू दक्षिण आफ्रिकेत पहिल्यांदा गेले. कसे? तर तिथल्या सरकारने त्यांना ‘मानद गोरे’ ठरवून! जात तशीच ठेवून एखाद्याला दिवसापुरते पंक्तीला बसवण्याचा हा प्रकार. १९७६ मध्ये सोवेटोत शाळकरी मुलांवर गोळ्या झाडल्या गेल्या, त्याच सुमारास ऑल ब्लॅक्स दक्षिण आफ्रिकेत खेळायला गेले, आणि त्याच्या निषेधार्थ आफ्रिकी देशांनी माँट्रियल ऑलिंपिकवर बहिष्कार टाकला. १९८१ मध्ये दक्षिण आफ्रिकेचा संघ न्यूझीलंडला आला, तेव्हा तर घराघरांत फूट पडली. मैदाने काटेरी तारांनी वेढावी लागली. हॅमिल्टनचा सामना निदर्शकांनी मैदानात घुसून बंद पाडला. नेपिया तेव्हा ७६ वर्षांचे होते. ज्या संघर्षाची सुरुवात त्यांच्या पिढीच्या मुकाट्याने सोसण्यातून झाली, तो त्यांच्या डोळ्यांदेखत देशाच्या रस्त्यावर आला होता.

पत्नी हुइंगा १९७५ मध्ये गेल्या. २७ ऑगस्ट १९८६ रोजी रुआतोरिया येथे जॉर्ज नेपिया यांचे निधन झाले. रांगितुकिया येथे पत्नीशेजारी त्यांना मूठमाती देण्यात आली. दक्षिण आफ्रिकेत तेव्हाही वर्णभेदाचेच राज्य होते.

मे २०१० मध्ये न्यूझीलंड रग्बी युनियनने, रंगामुळे वगळलेल्या सर्व माओरी खेळाडूंची आणि त्यांच्या कुटुंबांची जाहीर माफी मागितली. पाठोपाठ दक्षिण आफ्रिकेच्या रग्बी संघटनेनेही मागितली. १९२८ ला तेव्हा ८२ वर्षे झाली होती. त्या वर्षी घरी बसवलेल्या खेळाडूंपैकी माफी ऐकायला कोणीही उरलेले नव्हते.